कोलकॅनन चिकट होते आणि त्याला पाणी सुटते; काय करावे?

वाचकाचे पत्र

स.न.वि.वि.

गेल्या वर्षीपासून आम्ही आयर्लंडमध्ये कॉर्क शहरात राहतो. मुलीच्या वर्गातील काही कुटुंबे ३१ ऑक्टोबरच्या संध्याकाळी, म्हणजे हॅलोविनला, आमच्या शेजारच्या घरी एकत्र जेवणार आहेत आणि प्रत्येकाने एकेक पदार्थ न्यायचा आहे. माझ्या वाट्याला कोलकॅनन आले आहे, म्हणजे कुस्करलेला बटाटा आणि कोबी. सोपे वाटले म्हणून मी होकार दिला. पण घरी करून पाहिले तेव्हा बटाट्याची अक्षरशः खळ झाली आणि थोड्या वेळाने ताटलीत हिरवट पाणी उतरले. मी लहान, गुळगुळीत सालीचे बटाटे आणले होते. ते सोलून, फोडी करून, कुकरला तीन शिट्ट्या दिल्या, मिक्सरमधून फिरवले, फ्रिजमधले दूध घातले आणि बारीक चिरून शिजवलेला कोबी मिसळला. यात ‘केल’ ही कोबीच्या कुळातील पालेभाजी घालतात की कोबी? लोणी इतके लागतेच का? आम्ही शाकाहारी आहोत, तर बेकनशिवाय हा पदार्थ अपुरा ठरेल का? मोहरी-मिरचीची फोडणी दिली तर चालेल का? शेजारीण म्हणाली की यात अंगठी आणि नाणे लपवतात. लहान मुले असताना ते करावे का? शिवाय सासूबाई सध्या आमच्याकडे आल्या आहेत आणि त्या चातुर्मासात कांदा-लसूण खात नाहीत. त्यांच्यासाठी काय करू?

– एक वाचक, कॉर्क

उत्तर

स.न.वि.वि.

तुम्ही काय काय केले ते क्रमाने लिहिलेत, त्यामुळे पदार्थ कोठे बिघडला हे नेमके सांगता येते. कोलकॅननमध्ये जिन्नस थोडे आणि कृती लहान असली, तरी त्याचे सारे यश एका गोष्टीवर ठरते, ती म्हणजे पाणी. बटाट्यातले आणि पाल्यातले जादा पाणी आधी निघून गेले पाहिजे; ते गेले तरच दूध आणि लोणी गरात मुरते, नाहीतर ते नुसते वर तरंगते आणि ताटलीत उतरते. तुमचा बटाटा, तुमचा कुकर आणि तुमचा कोबी या तिन्ही ठिकाणी पाणी वाढत गेले, आणि मिक्सरने त्या ओल्या गराची खळ केली. पुढे जे सांगते आहे त्यातील बरेचसे हे पाणी कमी कसे करायचे याविषयीच आहे.

सुरुवात बटाट्यापासून करू. लहान, गुळगुळीत, पातळ सालीचे बटाटे दिसायला देखणे असतात. परंतु त्यांचा गर घट्ट आणि ओलसर असतो, तो शिजल्यावरही फोडीच्या आकारात टिकून राहतो. सॅलडला किंवा रस्स्याला ते उत्तम, पण कुस्करण्यासाठी पिठूळ बटाटाच हवा. आयर्लंडमध्ये या बाबतीत निवड करणे सोपे आहे, कारण तेथे पिशवीवर बटाट्याच्या जातीचे नाव छापलेले असते आणि गिऱ्हाईकही नाव पाहूनच बटाटा घेते. लाल सालीचा, पिवळसर गराचा ‘रूस्टर’ कोणत्याही दुकानात मिळतो; तो कार्लो परगण्यातील ओक पार्क येथील संशोधन केंद्रात तयार झालेला वाण आहे आणि पहिल्या प्रयत्नासाठी तो सर्वांत भरवशाचा. गुलाबी सालीचा, खोल डोळ्यांचा ‘कर्स पिंक’ मिळाला तर त्याहून चांगले. ‘गोल्डन वंडर’ सर्वांत कोरडा आणि पिठूळ असतो, चवीलाही तो सरस, पण उकळत्या पाण्यात त्याच्या ठिकऱ्या उडतात. तो घ्याल तर वाफेवरच शिजवा. कॉर्कमध्ये राहत आहात, तर एखाद्या सकाळी इंग्लिश मार्केटमध्ये अवश्य जा. १७८८ पासून भरत असलेल्या त्या बाजारात विक्रेत्याला ‘मॅश करण्यासाठी पिठूळ बटाटा’ एवढे सांगितले की पुरे.

पिशवीवर नाव नसेल आणि शंका असेल, तर घरच्या घरी एक परीक्षा करता येते. एक वाटी मीठ अकरा वाट्या पाण्यात विरघळवावे आणि त्यात बटाटा सोडावा. पिठूळ बटाट्यात कोरडा अंश जास्त असल्यामुळे तो जड असतो आणि तळाशी बसतो. चिकट गराचा बटाटा तरंगतो. आपल्याकडे पुण्या-मुंबईत हे वाचून कोणाला कोलकॅनन करावेसे वाटले, तर त्यांनाही ही परीक्षा उपयोगी पडेल, कारण आपल्या बाजारात भाजीवाल्याकडे बहुधा फक्त ‘नवा’ आणि ‘जुना’ एवढाच भेद असतो. अशा वेळी जुना घ्यावा.

आता शिजवणे. तुम्ही बटाटे सोलून, फोडी करून कुकरमध्ये लावलेत. फोड केली की कापलेली प्रत्येक बाजू पाणी पिते, आणि तीन शिट्ट्यांनंतर फोडीचा बाहेरचा थर फुटून पाण्यात मिसळू लागतो. बटाटेवड्यासाठी आपण अख्खे, सालीसकट बटाटे लावतो त्यामागे हेच शहाणपण आहे, आणि आयर्लंडमधील जुनी पद्धतही सालीसकट शिजवण्याचीच आहे. साधारण सारख्या आकाराचे एक किलो बटाटे धुऊन, सालीसकट, थंड पाण्यात घालून गॅसवर ठेवावेत. पाण्यात लिटरमागे दोन लहान चमचे मीठ घालावे. थंड पाण्यापासून सुरुवात केल्याने आतला आणि बाहेरचा गर बरोबरीने शिजतो. उकळत्या पाण्यात टाकल्यास मध्यभाग कच्चा असतानाच बाहेरची बाजू फुटते. उकळी आली की आच कमी करून पाणी हलके खदखदत ठेवावे. मध्यम आकाराच्या बटाट्यांना पंचवीस ते पस्तीस मिनिटे लागतात. पातळ सुरी मध्यापर्यंत अडखळल्याशिवाय गेली की झाले. कुकरच वापरायचा असेल तर तळाशी थोडे पाणी, त्यावर जाळी आणि जाळीवर अख्खे बटाटे, म्हणजे ते पाण्यात बुडणार नाहीत.

यानंतरची पायरी लहान आहे, पण बहुतेक जण ती गाळतात आणि तिथेच पदार्थ फसतो. पाणी पूर्ण निथळून टाकावे, बटाटे त्याच गरम पातेल्यात परत घालावेत, आच अगदी मंद ठेवावी, आणि पातेल्यावर झाकणाऐवजी घडी घातलेला स्वच्छ सुती पंचा ठेवून पाच मिनिटे तसेच राहू द्यावे. बटाट्यांतून निघणारी वाफ पंचा शोषून घेतो. झाकण ठेवले तर तीच वाफ थेंब होऊन पुन्हा बटाट्यांवर पडते. पाच मिनिटांनी पंचा उचलला की साली कोरड्या, काही ठिकाणी तडकलेल्या दिसतील आणि त्या तडकेतून पांढरा, रवाळ गर डोकावत असेल. असा गर दिसला की बटाटा योग्य निवडला आणि योग्य शिजला असे समजावे. मग एकेक बटाटा काट्याने टोचून धरावा आणि गरम असतानाच सोलावा. हात भाजतात हे खरे, पण बटाटे निवू देऊ नका, कारण निवलेला गर घट्ट होतो आणि मग कुस्करताना जोर लावावा लागतो.

जोर का लावायचा नाही, ते थोडे समजून घेतले तर पुढचे आपोआप लक्षात राहील. बटाट्याच्या गरातील प्रत्येक पेशीत स्टार्चचे कण असतात. साधारण ६० ते ७० अंश सेल्सिअसच्या दरम्यान ते पाणी शोषून फुगतात, आणि उष्णता आणखी वाढली की पेशींना एकमेकींशी बांधून ठेवणारे पेक्टिन सैल पडते. पिठूळ बटाट्यात त्यामुळे पेशी न फुटता एकमेकींपासून सुट्या होतात आणि गर हलका, मोकळा होतो. मिक्सरचे पाते मात्र पेशीच कापते. फुगलेला स्टार्च बाहेर येतो आणि त्याची खळ होते. ही खळ एकदा झाली की दूध घाला, लोणी घाला, ती सुधारत नाही. तेव्हा मिक्सर, फूड प्रोसेसर आणि हाताने धरायचा ब्लेंडर, तिन्ही या कामासाठी वर्ज्य समजा.

त्यांच्याऐवजी काय वापरायचे? साधा हाताचा मॅशर चालतो. पण तुमच्या सामानात शेव-चकलीचा सोऱ्या असेल तर त्याच्यासारखे साधन नाही. तिकडच्या दुकानांत बटाटे दाबून गाळण्यासाठी जे महागडे यंत्र मिळते, त्याचे काम सोऱ्याच्या मध्यम शेवेच्या ताटलीने तितकेच चांगले होते, कारण त्यात गर सरळ खाली दाबला जातो, घुसळला जात नाही. दर वेळी एकेकच गरम बटाटा घालावा आणि शेव गरम पातेल्यातच पडू द्यावी. पुरणयंत्रही चालते, मात्र त्याचे पाते गर फिरवत घासते, म्हणून एकदाच फिरवावे, ‘अजून मऊ होईल’ म्हणून तोच गर दुसऱ्यांदा घालू नये. पूर्वी आयरिश शेतकऱ्यांच्या घरी मोठ्या पातेल्यातील बटाटे लाकडी दांड्याने कुटत. तिथेही दणके वरून खाली असत, घोटणे नसे. थोड्या बारीक गुठळ्या राहिल्या तर राहू द्या. हा घरगुती पदार्थ आहे, आणि गुठळीविरहित गुळगुळीत लगद्यापेक्षा किंचित खडबडीत कोलकॅनन खाताना अधिक बरे लागते.

बटाटे शिजत असतानाच शेजारी दुधाची तयारी करावी. २०० मिलिलिटर सायीसकट दुधात पाच-सहा पातीचे कांदे, पांढऱ्या भागासह बारीक चिरून, मंद आचेवर चार मिनिटे उकळीच्या खालीच ठेवावेत. कांद्याचा उग्रपणा जातो आणि त्याची गोडी दुधात उतरते. फ्रिजमधले दूध घातल्याने तुमचा गर एकदम निवला आणि घट्ट झाला. मग तो सैल करण्यासाठी तुम्ही जास्त ढवळले असणार, आणि त्याने चिकटपणा आणखी वाढला. दूध नेहमी वाफाळतेच घालावे. क्रमही लक्षात ठेवा: गरम गरात आधी लोणी, ते पूर्ण मुरल्यावर कांदा-दूध, तेही एकदम न ओतता तीन-चार वेळा थोडे थोडे करून. लाकडी चमच्याने खालून वर उचलत मिसळावे. सगळे दूध लागेलच असे नाही. गर चमच्यावर ढिगासारखा उभा राहिला पाहिजे आणि चमचा तिरका केला की सावकाश घसरला पाहिजे. तेवढे झाले की थांबावे.

केल की कोबी, हा तुमचा प्रश्न आयर्लंडमध्येही घरोघर वादाचा आहे, आणि दोन्ही बाजू बरोबर आहेत. अँगल्सी या वेल्श बेटावरचे एक जमीनदार, विल्यम बल्कली, १७३५ साली डब्लिनला गेले असताना ३१ ऑक्टोबरच्या रात्री नातेवाइकांकडे जेवले आणि त्यांनी रोजनिशीत त्या पदार्थाची नोंद केली. या पदार्थाच्या अगदी जुन्या उल्लेखांपैकी तो एक आहे. त्यांच्या ताटात उकडलेला कोबी, बटाटे आणि पार्सनिप हे कंद एकत्र केलेले होते आणि सोबत भाजलेले मटण होते. म्हणजे कोबीची परंपरा निदान तितकी जुनी आहे, आणि कधी काळी त्यात बटाट्याखेरीज दुसरे कंदही पडत. पुढे अनेक घरांत कुरळ्या पानांचे केल रुळले, कारण ते परसात थंडीभर टिकते आणि कडाक्याची थंडी पडली की त्याची पाने गोड होतात. फक्त पातीचा कांदा घालून, पाला मुळीच न घालता केले तर तो उत्तरेकडील अल्स्टर प्रांतातला ‘चँप’ होतो. तोही चांगला, पण तुमच्यावर सोपवलेला पदार्थ तो नव्हे.

माझे मत विचाराल तर ऑक्टोबरअखेर केल घ्या. त्याची चव लोण्यापुढे दबत नाही आणि कोबीच्या मानाने त्याला पाणी कमी सुटते. कोबी घ्यायचा असेल तर घट्ट, पांढऱ्या गड्ड्याऐवजी सैल, गडद हिरव्या पानांचा सॅव्हॉय किंवा यॉर्क कोबी घ्यावा. भारतात करणाऱ्यांना केल सहज मिळणार नाही. त्यांनी आपल्या कोबीची बाहेरची हिरवी पाने वापरावीत आणि आतला पांढरा भाग दुसऱ्या दिवशीच्या भाजीला ठेवावा.

किलोभर बटाट्यांना देठ काढून २५० ते ३०० ग्रॅम पाला पुरतो. केलचा मधला जाड देठ शिजत नाही, चावताना दाताला लागतो, म्हणून पान देठाच्या दोन्ही बाजूंनी ओरबाडून घ्यावे. भरपूर मीठ घातलेले पाणी खळखळून उकळावे, त्यात पाने सोडावीत आणि झाकण न ठेवता शिजवावीत: केलला चार-पाच मिनिटे, कोवळ्या कोबीला तीन-चार. झाकण ठेवल्यास पानांतून निघणारी आम्ले आतच कोंडतात आणि पानांचा हिरवा रंग मळकट होतो. जास्त वेळ शिजवल्यास कोबीतील गंधकयुक्त द्रव्यांचा तो सगळ्यांना नकोसा वाटणारा वास सुटतो. कोबीला लोक नावे ठेवतात त्याला अति शिजवणे हे एकच कारण असते.

पाने चाळणीत ओतून थंड पाण्याखाली धरावीत, आणि मग मुठीत घेऊन घट्ट पिळावीत. नुसते निथळणे पुरत नाही. पराठ्यासाठी आपण किसलेला दुधी पिळतो तसे, हाताला जोर देऊन पिळावे. अर्धी वाटीभर हिरवे पाणी सहज निघेल, आणि हेच पाणी त्या दिवशी तुमच्या ताटलीत उतरले होते. पिळलेला गोळा पाटावर ठेवून बारीक चिरावा. आधी चिरून मग शिजवल्यास प्रत्येक कापातून पाणी आत जाते, म्हणून चिरणे शेवटी. नंतर एका कढईत चमचाभर लोणी तापवून हा पाला दोन मिनिटे परतावा, म्हणजे राहिलेला ओलावाही उडतो आणि प्रत्येक तुकड्याला लोण्याचा हात लागतो. मग तो बटाट्यात घालून हलक्या हाताने मिसळावा. मीठ सर्वांत शेवटी, चव घेऊन, कारण तिकडचे लोणी बहुधा खारवलेले असते. मिरपूड मात्र भरपूर चालते, पांढरी असल्यास अधिक चांगली.

लोण्याविषयी मी आडपडदा न ठेवता सांगते. सहा-सात माणसांच्या या प्रमाणाला १०० ग्रॅम लोणी लागते आणि वाढताना वरून आणखी २५ ग्रॅम. घरी नेहमीच्या जेवणासाठी करत असाल तर आतले लोणी ६० ग्रॅमपर्यंत खाली आणता येईल. त्याखाली गेल्यास तो नुसता दुधातला बटाटा राहतो. त्याऐवजी तेल किंवा मार्जरीन घालू नये, कारण इथे चव लोण्याचीच आहे आणि ती झाकायला मसाला नाही. तुम्ही ज्या शहरात आहात त्याला या लोण्याचा मोठा इतिहास आहे. शँडन भागात १७७० साली कॉर्कचा लोणी बाजार सुरू झाला. मन्स्टर या दक्षिणेकडील प्रांताच्या खेड्यापाड्यांतून तेथे लोण्याची पिंपे येत, प्रत तपासून त्यांवर शिक्का बसे आणि तेथून ती समुद्रापार जात. एके काळी तो जगातील सर्वांत मोठा लोणी बाजार होता. तेथे आता लोण्याचे संग्रहालय आहे. सासूबाईंना घेऊन जाण्यासारखे ते ठिकाण आहे, घरी ताक घुसळून लोणी काढलेल्या पिढीला ते विशेष आवडेल. तिकडच्या गाई वर्षाचा बराच काळ हिरव्या कुरणात चरतात, त्यामुळे त्या लोण्याला पिवळा रंग आणि भरीव चव असते. कोलकॅनन वाढताना भांड्यात ढीग करून मध्ये चमच्याच्या पाठीने खळगा करतात, त्यात लोणी सोडतात, आणि जेवणारा कडेकडेने घास घेत तो वितळलेल्या लोण्यात बुडवून खातो. हा खळगा भांड्यात करण्यापेक्षा प्रत्येकाच्या ताटलीत करावा. मुलांना त्यात फार गंमत वाटते.

बेकनची काळजी मुळीच करू नका. रोजच्या जेवणात कोलकॅननशेजारी बेकन किंवा सॉसेज वाढतात हे खरे, पण ते शेजारी. पदार्थाच्या आत त्याची गरज नाही. उलट ३१ ऑक्टोबरचे कोलकॅनन मुळात मांसाविनाच असायचे. १ नोव्हेंबर हा सर्व संतांचा सण, आणि त्याच्या आदल्या दिवशी कॅथलिक घरांत मांस वर्ज्य असे. म्हणून त्या रात्री कोलकॅनन, बॉक्स्टी नावाची बटाट्याची धिरडी, आणि बार्मब्रॅक हा मनुका घातलेला गोडसर पाव, असे जेवण होई. तुम्ही शाकाहारी कोलकॅनन न्याल ते त्या रात्रीच्या जुन्या रीतीला धरूनच असेल. दूध तापवताना किंवा पाला परतताना कोणी ‘बेकनची चरबी घाल’ असे सुचवले, तर निःशंकपणे नको म्हणा.

फोडणी मात्र त्या संध्याकाळी देऊ नये असे मला मनापासून वाटते. मोहरी-मिरचीने पदार्थ वाईट होईल असे नव्हे. पण त्यांनी तुमच्यावर त्यांच्या सणाचा पदार्थ विश्वासाने सोपवला आहे, आणि या पदार्थाच्या साधेपणामागे मोठे दुःखही आहे. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात आयर्लंडमधील गरीब कुटुंबे जवळजवळ बटाटा आणि ताक यांवरच जगत होती. १८४५ साली बटाट्यावर करपा आला, पुढील काही वर्षे पिके कुजत गेली, सुमारे दहा लाख माणसे भूक आणि साथींनी मेली आणि जवळपास तितकीच देश सोडून गेली. तुमच्याच कॉर्क परगण्यातील स्किबरीनच्या परिसराने त्यातील सर्वांत भयंकर दिवस पाहिले. अशा ठिकाणी बटाटा, पाला, दूध आणि लोणी यांचा हा पदार्थ आजीच्या हातच्या चवीचा व्हावा अशी लोकांची अपेक्षा असते, आणि ती पुरी करणे तुम्हाला सहज शक्य आहे. तुमच्या हातची फोडणी त्यांना खाऊ घालायची असेल तर दुसऱ्या कोणत्याही दिवशी बटाट्याची भाजी करून त्यांना घरी बोलवा.

दुसऱ्या दिवशी उरलेल्या कोलकॅननवर मात्र तुमचा पूर्ण अधिकार आहे. त्याच्या चपट्या टिक्क्या करून लोण्यावर दोन्ही बाजूंनी खरपूस होईपर्यंत परततात. आयर्लंडमध्येही हे घरोघरी होते. त्यात हिरवी मिरची आणि जिरे घातले तर कोणाची हरकत असणार नाही. उरलेले दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावे आणि दोन दिवसांत संपवावे.

अंगठी आणि नाण्याविषयी शेजारीण म्हणाली ते खरे आहे. ज्याला अंगठी मिळेल त्याचे वर्षात लग्न, नाणे मिळेल त्याला पैसा, अंगुस्तान मिळालेली मुलगी आणि बटण मिळालेला मुलगा अविवाहित राहणार, असे ते भविष्य. लग्नाच्या वयाच्या मुली पहिला आणि शेवटचा घास मोज्यात घालून तो दाराला टांगत, आणि त्या दारातून पहिला जो पुरुष येईल तो भावी नवरा, असेही मानत. आता लहान मुलांचा विचार करू. मऊ पदार्थ मूल न चावता गिळते, त्यामुळे त्यातील नाणे घशात अडकण्याचा धोका पावातल्यापेक्षा जास्त असतो. म्हणून मुलांच्या ताटल्यांत काहीही लपवू नका. मोठ्यांसाठी करायचेच असेल तर ते मोठ्या भांड्यात आधीपासून न घालता, नाणे उकळून, बटर पेपरमध्ये ठळक दिसेल अशी मोठी पुडी करून, वाढताना ठरावीक ताटल्यांतच घालावे आणि सर्वांना आधी सांगावे. आणि मुलांचे काय? त्यांच्यासाठी त्याच वस्तूंची चित्रे काढलेल्या चिठ्ठ्या ताटल्यांखाली ठेवा. वरच्या भविष्यातील अविवाहित राहण्याचा भाग वगळलात तरी चालेल.

जेवण शेजारीच असल्याने नेण्याची अडचण मोठी नाही. पदार्थ निघण्याच्या आधी तासभरापेक्षा लवकर करू नये. तयार झाल्यावर जाड भांड्यात भरून ते कढत पाण्याच्या मोठ्या पातेल्यात ठेवावे आणि झाकणाखाली पुन्हा तोच सुती पंचा घालावा, म्हणजे वाफेचे पाणी आत पडणार नाही. खळग्यात घालायचे लोणी वेगळे न्यावे. शेजाऱ्यांच्या ओव्हनमध्ये गरम करावे लागले, तर वरून लोण्याचे तुकडे घालून, झाकून, १८० अंशांवर वीस-पंचवीस मिनिटे ठेवावे. मायक्रोवेव्हमध्ये एवढा मोठा ढीग सारखा गरम होत नाही, आणि मग पुन्हा ढवळावे लागते, जे आपल्याला टाळायचे आहे.

राहिला सासूबाईंचा प्रश्न. पातीचा कांदा दुधात शिजत असल्यामुळे तो नंतर वेगळा काढता येत नाही. म्हणून दूध सुरुवातीलाच दोन भांड्यांत घ्या. बटाट्याच्या गरात लोणी मुरवून झाल्यावर त्यांच्यापुरता भाग आधी बाजूला काढा, त्यात साधे वाफाळते दूध आणि परतलेला पाला मिसळा, आणि मग उरलेल्या मोठ्या भागात कांद्याचे दूध घाला. चमचाही वेगळा ठेवा. कांद्याऐवजी लीक किंवा चाइव्ह घालण्याचा सल्ला इंग्रजी पुस्तकांत सापडेल, पण ती दोन्ही कांद्याच्याच कुळातली आहेत, त्यामुळे त्यांना चालणार नाहीत. त्यांच्या भागात बारीक चिरलेली पार्सली आणि किंचित जायफळ घाला. जायफळ दुधालोण्याच्या चवीला फार छान जुळते. पाला उकळण्याचे पाणी, पाट आणि सुरी यांना कांदा लागू नये यासाठी पाला आधी शिजवून, पिळून, चिरून घ्या आणि कांदा सर्वांत शेवटी चिरा. चातुर्मासात त्यांना कोबी किंवा पालेभाजी चालते ना, तेवढे मात्र त्यांनाच आधी विचारून घ्या, कारण हे नेम घरोघर वेगळे असतात. चालत नसेल तर बाजूला काढलेल्या गरात नुसते दूध, लोणी, मीठ आणि मिरपूड घालून द्या.